फिर्यादीचं झाकण

माणसं वेळ कळायला एकमेकांच्या मनगटाकडे पाहत, त्या काळची ही गोष्ट. एका दुकानाच्या काचेच्या कपाटात मखमली गादीवर एक जुनं, उंची घड्याळ बसत असे. एके दिवशी सोनेरी पट्ट्याचं नवं घड्याळ आलं आणि जुन्याला गादी सोडून कोपऱ्यात जावं लागलं.

गिऱ्हाइकं नव्याचं कौतुक करू लागली की म्हाताऱ्याच्या पोटात दुखे. दिवसभर ते नव्याच्या काट्यांवर डोळा ठेवून बसे. अखेर त्याने दुकानातल्या, घड्याळं तपासणाऱ्या भिंगाला हाक मारली.

"भिंगराव, हा तोतया आहे! अस्सलाचा सेकंदकाटा पाण्यासारखा सरकतो. याचा पाहा, बेडकासारखा उड्या मारतोय. उघडा त्याचं झाकण."

"उघडू की," भिंग म्हणालं. "पण आमच्याकडे फिर्यादीचंही झाकण उघडतात."

म्हातारं चपापलं. तीनदा ते दुरुस्तीला जाऊन आलं होतं. आत कोणी काय बसवलं, कुणास ठाऊक! स्वतःचं पोट कोणत्या घड्याळाने पाहिलंय? गप्प बसावं, असं त्याला वाटलं. तेवढ्यात एका बाईंनी नव्याकडे बोट दाखवलं.

"उघडा!" म्हातारं ओरडलं.

नव्याच्या पोटात बॅटरीवरचं स्वस्त यंत्र निघालं. म्हाताऱ्याच्या पोटात तीन चाकं भलत्याच घड्याळाची निघाली. दोघांची रवानगी खोट्या मालाच्या खालच्या खणात झाली आणि मखमली गादी रिकामीच राहिली.

खणात नवं घड्याळ जरा सरकून बसलं.

"या आजोबा, टेका. इथे सगळे आपलेच आहेत."