हौसाक्काचे राखुले

डोंगराच्या पोटात जाळ होता आणि तरीही माणसं त्याच्या पायथ्याशी चुली पेटवून, लेकरं वाढवून राहत होती, त्या काळातली ही गोष्ट.

त्या दिवशी धगवाडीत विशेष काही नव्हतं. हौसाक्का मीठ न्यायला डोंगरावरून उतरली होती. वर तिचे राखुले होते, मीठ त्यांच्यासाठीच. राखुला म्हणजे वासराएवढं, राखेच्या रंगाचं जनावर. तापलेल्या भेगांवर पोट टेकून ते बसायचे आणि जमिनीतली धग पिऊन टाकायचे. ते होते म्हणून पायथ्याची शेतं करपत नसत. माणसाचे दोनच शब्द त्यांना कळत, असं म्हणतात. 'जा' म्हटलं की पांगायचे. 'येते' म्हटलं की हौसाक्का परतेपर्यंत तिथंच बसून राहायचे.

"लेकरांना मीठ आणि आईच्या पोटात वारा," भावजय गोजरा म्हणाली. "वन्सं, भाकरी खाल्ल्याशिवाय उठलात तर बघा."

हौसाक्का हसली आणि बसली.

घास तोंडातच होता, तेवढ्यात लाकूडतोड्या धुळबा धावत आला. "वरचं तोंड उघडलं! जाळ पाण्यासारखा खाली येतोय!"

सगळं गाव नदीकडे निघालं. कुणीतरी म्हणालं, "अक्का, तुझे राखुले केव्हाच पळाले असतील. जनावर माणसापेक्षा शहाणं."

"नाही पळायचे," ती म्हणाली. "मी 'येते' म्हणून आलेय."

ती डोंगराकडे वळली, तेव्हा गावचा कारभारी सिदबा वाटेत आडवा आला. तो वाईट माणूस नव्हता. त्याच्या कडेवर नात होती.

"उठवू नकोस त्यांना, अक्का. ते बसलेत तोवर जाळ अडेल. आम्ही नदी ओलांडेपर्यंत तरी."

हौसाक्कानं त्या पोरीकडे पाहिलं. मग गोजराला म्हणाली, "जाते."

"वन्सं, येते म्हणा! जाते म्हणू नये!"

ती तशीच चढू लागली. ते आपली वाट बघतायत, एवढंच तिला कळत होतं.

पुढचं लोकांनी नदीपलीकडून पाहिलं. राखुल्यांची रांग हलली नव्हती आणि मागून जाळ येत होता. हौसाक्का एकेकाच्या कपाळावर हात ठेवत गेली. ती 'जा' म्हणाली, पण तिला सोडून ते उठेनात, असं काही जण म्हणतात. ती म्हणालीच नाही, असंही म्हणतात. रांगेच्या टोकाला ती खाली बसली. जाळ आला, आणि राखुले तो पीत राहिले. पिता पिता काळे पडले, दगड झाले. जाळ तिथंच थिजला. गावातल्या गवताच्या काडीलाही आच लागली नाही.

धगवाडीत आजही घरातून निघताना कुणी 'येतो' म्हणत नाही. सरळ 'जातो' म्हणतात. नवी सून पहिल्यांदा ऐकते तेव्हा दचकते; मग तिला वर नेऊन ती रांग दाखवतात. वर्षातून एकदा गाव तिथं चढतं आणि प्रत्येक दगडापुढं मूठभर मीठ ठेवतं. टोकाचा दगड बाकीच्यांपेक्षा लहान आहे. त्याच्यापुढं लोक नुसते उभे राहतात.

हौसाक्काला मूल नव्हतं. तिचा दहावा कुणाच्या हातून घालायचा, हे ठरवायला सिदबाच्या हयातीत गाव पारावर जमलं होतं. कुणीच पुढं आलं नाही. सिदबाही नाही. मग एकेक जण उठून गेला.

तो दहावा अजून घातलेला नाही.