दाव्यातला सहावा परिच्छेद

एकदा एका तालुक्याच्या गावी भांड्यांचा एक व्यापारी आपल्या जुन्या गुरुजींकडे गेला. त्याचे नाव मुकुंदशेठ. धाकटा भाऊ रघुवीर याच्याशी त्याचा वाटपाचा दावा सात वर्षे चालू होता. वडिलांनी मृत्युपत्रात पेरूची बाग रघुवीरच्या नावे केली होती, आणि ते मृत्युपत्र मुकुंदशेठला मान्य नव्हते. दोघेही भाऊ गुरुजींच्याच हाताखाली शिकलेले.

"तुमचा शब्द तो मोडणार नाही," मुकुंदशेठ म्हणाला. "त्याला चार गोष्टी सांगा. कोर्टाच्या पायऱ्या झिजवून मी दमलो."

"रविवारी ये," गुरुजी म्हणाले. "येताना तुझ्या दाव्याची नक्कल आण."

रविवारी तो गेला, तेव्हा ओसरीवर रघुवीर आणि त्याची पत्नी वत्सला आधीच येऊन बसली होती. गुरुजींनी कोणाला काही विचारले नाही, की उपदेश केला नाही.

"मुकुंद, उभा राहा. दावा मोठ्याने वाच."

पन्नाशीच्या माणसाला असे उभे करण्यात काय हशील, हे त्याला उमगेना. तरी तो उठला. वंशावळ, गट नंबर, चतुःसीमा त्याने खणखणीत आवाजात वाचल्या. मग सहावा परिच्छेद आला.

"वडिलांच्या आजारपणात प्रतिवादीच्या पत्नीने त्यांना अर्धपोटी ठेवून..."

तो थांबला.

"पुढे वाच."

"अर्धपोटी ठेवून, धाक दाखवून, मृत्युपत्रावर..." वडील तीन वर्षे अंथरुणाला खिळून होते. त्या काळात तो दोनदाच भेटायला गेला होता. दोन्ही वेळा वत्सला त्यांना चमच्याने पेज भरवत होती आणि हनुवटीवरचा ओघळ पदराने टिपत होती. आता तीच समोर बसून खाली पाहत होती. त्याला मान वर करवेना.

"वाचवत नाही, गुरुजी."

"हे वकिलाने लिहिले असेल."

"सही माझी आहे."

गुरुजींचा स्वर मृदू झाला. "कोर्टात हा कागद वकील वाचतो आणि न्यायाधीश ऐकतात. ज्याची सही, त्याच्या तोंडून तो कधी बाहेरच पडत नाही. म्हणून असत्य सात वर्षे तग धरते. तुला कोणी हरवावे म्हणून मी बोलावले नाही. आपण काय म्हटले, ते तुझ्या कानांनी एकदा ऐकावे, एवढीच इच्छा होती."

रघुवीरने सोबत आणलेले आपल्या कैफियतीचे, म्हणजे दाव्याला दिलेल्या उत्तराचे, कागद घडी करून खिशात खोल सारले. "मला वाचायला सांगू नका, गुरुजी," तो पुटपुटला. "मीही दादाला त्यात चोर म्हटलंय."

महिनाभरात तडजोड झाली. बाग रघुवीरकडे राहिली, दुकान मुकुंदशेठकडे. वडिलांचे घर दोघांचे. न्यायाधीशांपुढे सह्या झाल्यावर मुकुंदशेठने कारकुनाला हळूच विचारले, "दाव्यातला तेवढा परिच्छेद खोडता येईल?"

"दाखल झालेला कागद आहे, शेठ. तो आता दप्तरातच राहणार."

तो तिथून थेट भावाच्या घरी गेला. दार वत्सलाने उघडले. उंबऱ्याबाहेर उभे राहूनच तो म्हणाला, "मी लिहिलेलं खोटं होतं. लिहिताना मला ते माहीत होतं."

ती दारातून बाजूला सरली.

"खोटं होतं हे मला ठाऊकच होतं, भाऊजी," ती म्हणाली. "तुम्हाला ठाऊक आहे की नाही, एवढंच सात वर्षं कळत नव्हतं. आत या."