अकरा बोटे रुंदीचे कापड

पूर्वी तेरणेच्या काठी तगर नगरात जयमित्र नावाचा राजा राज्य करीत असताना बोधिसत्त्व कोष्ट्यांच्या कुळात जन्माला आले. लहानपणी त्यांनी माग चालवला, तरुणपणी कापडाचा व्यापार केला, आणि केस पिकू लागले तेव्हा ते नगरातले मोठे श्रेष्ठी झाले. त्यांच्या पेढीवरून लोक बैलांसाठी, लग्नकार्यासाठी आणि सर्वांत जास्त घरासाठी कर्ज नेत. शंभर नाण्यांवर महिन्याला एक नाणे व्याज, हा दर नगरातल्या सगळ्या पेढ्यांचा होता, तसा त्यांचाही होता.

त्याच नगरात उत्पला नावाची एक कोष्टीण राहत होती. तिच्या नवऱ्याचे नाव सोमिल. त्यांना तिष्या नावाची आठ महिन्यांची मुलगी होती. ही तिघे सोमिलच्या थोरल्या भावाच्या घरी पडवीत राहत. घर दिराचे, आणि दिराहून जास्त जावेचे. जाऊ भद्रा वाईट नव्हती, पण घर कोणाचे आहे हे ती कोणाला विसरू देत नसे. माग चालू झाला की ती म्हणे, हळू चालव गं, भिंतींचेसुद्धा कान दुखतात. तिष्याचा पाळणा टांगायला सोमिल आढ्याला कडी ठोकू लागला, तेव्हा तिने त्याचा हात धरून सांगितले, "भाऊजी, भोकं तुमच्या घराला पाडा." ती हसत बोलली होती, त्यामुळे रागावताही आले नाही. तेव्हापासून तिष्या आईच्या मांडीवर नाहीतर मागाच्या खड्ड्यापाशी सुताच्या गाठोड्यावर झोपे. आपण हिला नीट वाढवतो आहोत का, या शंकेने उत्पलाचे आडवे सूत मधूनमधून चुके, आणि चुकलेले उसवताना ती स्वतःशीच म्हणे की जिला सरळ ओळ घालता येत नाही तिने मुलीला कसले वळण लावावे.

नदीकाठी मिठाच्या एका व्यापाऱ्याचे घर होते. एकदा कापड पोचवायला उत्पला त्या घरात गेली होती. दोनच खोल्या. पण मागाशी बसलेल्या माणसाच्या डोळ्यांना बरोबर येईल इतक्या उंचीवर नदीकडे एक खिडकी होती, आणि पाण्यावरचे ऊन आत येऊन छतावर थरथरत होते. आढ्याला लोखंडी कडी होती. जुनी, पाळण्याच्या दोरीने घासून चकचकीत झालेली. त्या दिवसापासून उत्पला जिथे बसे तिथे तिला छतावर ते ऊन दिसे. जावेच्या छतावर नुसती धुरकट कौले होती.

पुढे कळले की व्यापारी शूर्पारक बंदराला जायला निघाला आहे आणि घर एक हजार कार्षापण नाण्यांना विकणार आहे. पौर्णिमेपर्यंत तो थांबणार होता. उत्पलाने तीन दिवस नवऱ्याजवळ दुसरा विषय काढला नाही. सोमिलनेही हिशोब केला. खाऊनपिऊन त्यांच्या हाती महिन्याला अकरा नाणी उरत. अकरा नाणी वीस वर्षे भरली की घर आपले, असे पेढ्यांवर बसणारे लोक सांगत. मग अडले कुठे?

आता कोष्टी लोकांत एक रीत होती. व्यापारी त्यांना वर्षाचे सूत आगाऊ देत आणि ते दर महिन्याला ठरलेले कापड परत करीत. सहा महिने झाले की अर्धे सूत फिटले, नऊ महिने झाले की पाऊण फिटले. पिढ्यान् पिढ्या देणे म्हणजे असेच, हे त्यांच्या अंगवळणी पडले होते. म्हणून दोघांनीही धरून चालले की घराचेही तसेच असणार. दहा वर्षे झाली की अर्धे घर आपले. पाच वर्षांतच मागाची खोली आपली, असे उत्पलाने मनाशी ठरवूनही टाकले होते. खिडकी त्याच खोलीत होती.

पौर्णिमेला आठ दिवस असताना दोघे पेढीवर गेली. बोधिसत्त्वांनी सगळे ऐकून घेतले. त्यांचा कारभारी कुंडल याने शिक्क्यासाठी मातीसुद्धा भिजवली. इतक्यात, बोलायचे नव्हते तरी उत्पला बोलून गेली की श्रेष्ठी, पाच वर्षांनी मागाची खोली आमच्या नावावर करून मिळेल ना, म्हणजे तेवढ्यापुरती तरी निश्चिंती.

 बोधिसत्त्वांनी कुंडलला माती झाकून ठेवायला सांगितले आणि बांबूची एक कांबी मागवली. दुपारभर बसून त्यांनी तिच्यावर वीस खाचा पाडल्या.

"पोरी, तू विणतेस ना," ते म्हणाले. "मग एवढं विणून आण. रुंदी अकरा बोटं. महिन्याला एक ओळ. तांबडं सूत माझं, पांढरं तुझं. कांबी ओळीवर आडवी धर. पहिल्या वर्षाच्या बारा ओळी पहिल्या खाचेपर्यंत पांढऱ्या, दुसऱ्या वर्षाच्या दुसऱ्या खाचेपर्यंत. पुढं तांबडं. वीस खाचा संपल्या की शेवटी एक ओळ सगळी पांढरी घाल. मग ये. पैसे कुठं जात नाहीत."

वाटेत सोमिल कुरकुरला. म्हातारा कोष्टी तो कोष्टीच, म्हणाला, श्रेष्ठी झाला तरी फुकट विणून घेतो. उत्पलाचे लक्ष कांबीकडे होते. कांबीवरच्या सुरुवातीच्या खाचा एका टोकाला इतक्या दाटीने होत्या की म्हाताऱ्याचा हात थरथरला असणार, असे तिला वाटले.

दुसऱ्या दिवशी तिने दोन धोटे भरले, एक तांबड्या सुताचा, एक पांढऱ्याचा, आणि विणायला बसली. पहिल्या ओळीत पांढरे एक बोट आले आणि तांबडे दहा. तिने कांबी पुन्हा लावून पाहिली, ती उलटी धरली आहे की काय अशी शंका आली म्हणून फिरवूनही पाहिली. बरोबर होती. बारा ओळी झाल्या, वर्ष संपले, पांढरे तेवढेच. लुगड्याला बारीक काठ असावा तसे. तिष्या जवळच खेळत होती. हे वर्ष संपेल तेव्हा ही चालू लागलेली असेल, असे उत्पलाच्या मनात आले, आणि मग तिला तो चाळाच लागला. चौथे वर्ष, हिचे दात पडायला लागतील. पांढरे दीड बोट. सहावे वर्ष, ही सूत गुंडाळायला बसेल. पांढरे अजून दोन बोटेही नाही. पाच वर्षांच्या साठ ओळी तिने पुन्हा मोजल्या. तेवढ्या पांढऱ्यात मागाची खोली कसली, खिडकीची चौकटही आली नसती.

दहावे वर्ष विणून झाले तेव्हा ऊन कलले होते. अर्धे कापड समोर होते, आणि सगळे मिळून त्यात पांढरे पाचवा भागही नव्हते. तिने ओळी पुढे ढकलल्या. तांबडे आणि पांढरे सारखे झाले ते पंधराव्या वर्षात. तोवर तिष्या न्हातीधुती झाली होती. मग पांढरे भराभर रुंद होत गेले, आणि शेवटची वर्षे पाहता पाहता संपली. त्या वर्षांत तिष्या कुठल्या तरी दुसऱ्या घरात असणार होती, दुसऱ्या कोणाची सून, कदाचित दुसऱ्या कोणाची जाऊ. कडीला टांगलेला पाळणा रिकामा हलत असणार.

भद्रा डोकावली आणि म्हणाली, हा कसला गं काठ, एकीकडे भिकारडा, दुसरीकडे राजेशाही.  आयुष्यात पहिल्यांदाच जावेचे बोलणे उत्पलाला नेमके वाटले.

पौर्णिमेच्या आदल्या दिवशी तिने कापड पेढीवर नेऊन बोधिसत्त्वांसमोर पसरले.

"हे असं का?" तिने विचारले. "मी विणलं, पण मला कळलं नाही."

बोधिसत्त्व म्हणाले, "सुताचं देणं जागच्या जागी राहतं, पोरी. पैशाचं देणं दर महिन्याला अंग धरतं. तू आज हजार नेलेस की महिन्याभरात त्यावर दहा चढतात. तुझ्या अकरांतले दहा ते चढलेलं उतरवण्यात जातात. घराकडे जातं एक. पुढच्या महिन्यालाही जवळजवळ तसंच. दहा वर्षं भरलीस तरी सातशे सत्तर उरलेले असतील. आणि सगळं फिटेल तेव्हा तू दोन हजार सहाशे पन्नास दिलेले असतील. घर एक, आणि दीड घराहून जास्त माझ्या पेढीला."

कुंडलला राहवले नाही. तो म्हणाला की श्रेष्ठी, दर आपण लपवलेला नाही, शंभराला एक हे सगळ्या नगराला ठाऊक आहे. आणि येईल त्याला असे कापड विणायला लावले तर आपल्याला ही पेढीच विकावी लागेल.

"विक," बोधिसत्त्व म्हणाले. "फक्त उधारीवर घेणारा आला तर त्याला आधी कापड विणायला लाव."

सोमिल हसला. उत्पला हसली नाही. तिने पांढऱ्या काठावरून बोट फिरवले आणि विचारले की समजा पाचशेच घेतले आणि भरायची अकराच, तर?

बोधिसत्त्वांनी चिंचोके मांडले. बराच वेळ ते एका ढिगातून दुसऱ्या ढिगात टाकत राहिले.

"पाच वर्षं आणि एक महिना," ते म्हणाले. "सगळे मिळून पावणेसातशेच्या आत."

उत्पलाला वाटले आपण चुकीचे ऐकले. कर्ज निम्मे, मग वर्षेही निम्मी, फार तर दहा, असे तिचे कोष्टी मन सांगत होते. तिने चिंचोके स्वतः पुन्हा मांडून पाहिले. दोनदा चुकली. तिसऱ्यांदा पाच वर्षे आणि एक महिनाच आला.

"पण उरलेले पाचशे आधी साठवायला हवेत," सोमिल हळूच म्हणाला. "अकरा-अकरा करत पावणेचार वर्षं. तोवर दादाकडेच."

 उत्पला म्हणाली, "श्रेष्ठी, ती पावणेचार वर्षं माझ्या जावेला कोण सोसणार, तेही तुमच्या चिंचोक्यांत धरलंय का?"

"नाही," बोधिसत्त्व म्हणाले. "ते मला मोजता येत नाही. तुझी लेक कुणाच्या जमिनीवर पाऊल टाकायला शिकेल, तेही नाही. जे मोजता येतं तेवढं मी तुला दाखवलं. पैसे आजही तयार आहेत. तुला ते घर हवंच असेल तर मी शिक्का करतो आणि मनात काही ठेवत नाही. पण हे कापड न पाहता तू अंगठा उठवला असतास, तर ते माझ्या मनात राहिलं असतं."

उत्पला कापडाकडे पाहत राहिली. मातीचा ओला गोळा तिथेच होता. हात पुढे केला की संध्याकाळी ती त्या खिडकीपाशी बसली असती. तिने कापडाची घडी घातली आणि काखेत धरली.

"चला," ती नवऱ्याला म्हणाली.

ते घर एका तेल्याने घेतले. उत्पलाचा नदीवर जायचा रस्ता तिथूनच होता. तिने रस्ता बदलला नाही. तेल्याच्या बायकोने त्या खिडकीत लोणच्याच्या बरण्या मांडल्या होत्या, आणि त्या पाहून उत्पलाला दर वेळी काहीतरी चुकल्यासारखे होई. कधी वाटे, आपण शहाणपणा केला. कधी वाटे, शहाणपणा कसला, धीर नव्हता त्याला चांगले नाव दिले. तिष्या पहिले पाऊल टाकून जावेच्या ओसरीवर पडली, आणि भद्रानेच तिला उचलून घेतले. उचलता उचलता म्हणाली, सांभाळ हो, जमीन उकरशील आमची.

पावणेचार वर्षे संपली. पाचशे नाणी साठली. रंगाऱ्यांच्या आळीमागे एक घर हजाराला मिळाले. नदी दिसत नव्हती, आणि पावसाळ्यात मंजिष्ठेचा वास भिंतींत भरे. बोधिसत्त्वांनी पाचशे दिले. त्या दिवशी उत्पलाने मातीवर अंगठा उठवला. एकसष्ट ओळींचे कापड तिने आधीच विणून आणले होते, कोणी सांगितले नसताना. त्यात पहिल्याच ओळीत पांढरे सहा बोटे होते.

घरात गेल्यावर सोमिलने पहिल्यांदा आढ्याला कडी ठोकली. त्याने विचारलेही नाही. मग गाठोड्यातून जुना पाळणा निघाला आणि टांगला गेला.

तिष्या साडेचार वर्षांची होती. ती पाळण्याकडे पाहून म्हणाली, "आई, मी आता मोठी आहे."

"ठाऊक आहे," उत्पला म्हणाली. "थोडा वेळ बस."

तिष्या बसली. तिचे पाय बाहेर लोंबत होते. उत्पलाने दोरी हातात घेतली आणि छताकडे पाहत झोका दिला. छतावर ऊन नव्हते.

पाच वर्षे आणि एका महिन्याने देणे फिटले. तेव्हा बोधिसत्त्वांनी स्वतः येऊन शिक्क्याची माती तिच्या उंबऱ्यावर फोडली.

शास्त्यांनी, म्हणजे पुढे बुद्ध झालेल्या बोधिसत्त्वांनी, ही कथा विहारात सांगितली तेव्हा सभेच्या अगदी मागे एक तरुण आई मांडीवर मूल घेऊन बसली होती. ती सकाळपासून बोटांवर काही मोजत होती आणि चुकत होती. शास्ते म्हणाले, "त्या वेळचा कुंडल हा आज आपल्या विहाराचे कोठार राखणारा भिक्षू आहे. भद्रा ही आज या उपासिकेची शेजारीण आहे, आणि तिचा शब्द अजून तसाच आहे. सोमिल हा तिचा पती, तिष्या ही तिच्या मांडीवरची लेक, आणि उत्पला ती स्वतः. श्रेष्ठी मी होतो."

त्या स्त्रीची बोटे थांबली. तिने विचारले, "भंते, ती नदीकडची खिडकी पुढं कधी मिळाली का हो तिला?"

शास्ते तिच्याकडे करुणेने पाहत राहिले. "मुली," ते म्हणाले, "त्या श्रेष्ठीला एवढंच जमलं. तिची ओढ त्याला काढून घेता आली नाही, पण त्या ओढीचं मोल त्याने तिच्यापासून लपवलं नाही."

स्वतःचा लाभ बुडत असताना समोरच्याला पूर्ण खरे दाखवणे, अर्धे नव्हे, हीच सत्य-पारमिता होय. त्या जन्मी बोधिसत्त्वांनी ती पाळली.