वहाणांना बांधलेली दोरी

तातोबाचा किल्ला पुन्हा कोसळला. शत्रू आला नव्हता, तोफ उडाली नव्हती. त्याच्या गावात, हिरडवाडीत, येणाऱ्या तारेवर फक्त एक वानर झोके घेत होतं!

सोनगिरीच्या रणधवल राजाने 'दुर्गराज' नावाचा व्हिडिओ गेम काढला होता. एकट्याने बसावं आणि पडद्यावर दगडावर दगड रचत किल्ला बांधावा, असा खेळ. घरोघरी लोकांनी तो रोख पैसे देऊन घेतला. पण प्रधान धुंडिराजपंतांनी त्यात मेख मारून ठेवली होती. राजवाड्यातून तारेने येणारं इंटरनेट अखंड चालू असेल, तरच खेळ चालायचा. तार जरा हलली की पडद्यावर अक्षरं उमटत, 'थांबा, जोडणी सुरू आहे', आणि रचलेलं सगळं पुसलं जाई.

तातोबा राजाच्या वहाणा बनवणारा कारागीर. पाय मोडून बाजेवर पडलेला. दिवस ढकलायला त्या किल्ल्याशिवाय त्याच्याजवळ दुसरं काही नव्हतं. पडदा काळा झाला की तो भिंतीकडे तोंड करायचा आणि जेवायलाही उठायचा नाही.

त्याची मुलगी गोजरा गावच्या पंचांकडे गेली.

"पोरी, मोठ्यांनी केलंय म्हणजे विचार करूनच केलं असणार," पंच म्हणाले.

"कोणता विचार, तेच विचारायला चाललेय!" असं म्हणून तिने थेट दरबार गाठला.

"महाराज, माझे आबा एकटेच खेळतात. मग तुमची तार मध्ये कशाला?"

पंत पुढे सरसावले. "कुणी चोरून खेळलं तर? कोण खेळतंय हे आम्हाला कळायला नको?"

"आबा खेळतात! पैसे त्यांनीच दिलेत आणि घेतलेत तुम्हीच!"

राजाने मिशीवरून हात फिरवला. "कुरकुरीची सवयच लागलीय तुम्हा लोकांना. एवढ्याशा खोळंब्याने कुणी मरतं का? तुझ्या बापाच्या जागी मी असतो, तर तोंडातून ब्र काढला नसता!"

"नक्की, महाराज?"

"नक्की! दसऱ्यापर्यंत माझ्याच तोंडून अशी तक्रार वदवून दाखव. जमलं तर खेळ तारेवाचून चालेल असा करून देतो आणि तार तोडतो. नाही जमलं, तर तुझ्या बापाचा खेळ जप्त, आणि तू जन्मभर तारेवरची वानरं हाकायची!"

दरबार खो खो हसला. तोंड मिटून बसायचं ठरवलेल्या राजाला कोण बोलतं करणार?

दसरा उजाडला. सोनगिरीची रीत अशी, की सीमोल्लंघनाला राजाने नव्या वहाणा घालून पायीच निघायचं आणि शिवेवरच्या आपट्यापर्यंत त्याच वहाणांत जायचं. दुसरं पायताण चालत नाही. तातोबा बाजेवर, म्हणून यंदाच्या वहाणा गोजराने केल्या. लाल चामडं, वर रेशमी गोंडे, खिळा एकही नाही; सगळा तळ चामड्याच्या एकाच लांब वादीने शिवलेला. आणि प्रत्येक टाचेतून एक बारीक दोरी निघालेली. दोन्ही दोऱ्यांची टोकं मागच्या बैलगाडीत बसलेल्या गोजराच्या हातात!

"हे काय गं?" राजाने विचारलं.

"जोडणी, महाराज! दोरी माझ्या हातात असेल तोवरच वहाण चालणार. दुसऱ्याच कुणी घातली तर मला कळायला नको?"

राजाने डाव ओळखला. हसत हसत वहाणांचे पैसे चुकते केले, ओठ घट्ट मिटले आणि तो निघाला.

वेशीपाशी हत्तीचा पाय दोरीवर पडला. दोरीने वादी ओढली, वादीने टाके उसवले, आणि महाराजांचं अनवाणी पाऊल बाभळीच्या काट्यांत!

"थांबा, जोडणी सुरू आहे!" गोजरा गाडीतून ओरडली. तिने सावकाश उतरून तळ पुन्हा शिवला. "झालं, महाराज. आता राजवाड्यापासून परत निघा."

"परत?"

"चाललेलं पुसलं गेलं ना!"

राजा लंगडत मागे वळला. दुसऱ्या खेपेला हलगीवाला दोरीत अडकून पडला. पुन्हा काटे, पुन्हा राजवाडा! ऊन चढलं, मुहूर्त सरत आला, महाराजांचा चेहरा वहाणांहून लाल झाला. पण शब्द नाही. तिसऱ्या खेपेला आपटा हातभर अंतरावर राहिला होता.

तेवढ्यात महाराजांवर छत्री धरायला पंत लगबगीने धावले आणि दोरीवरच पाय ठेवून उभे राहिले. टर्रर्र!

"पुरे!" राजा गरजला. "वहाणा मी विकत घेतल्यात! पाय माझे, चालणार मी! मग तुझी दोरी मध्ये कशाला?"

पंत चाचरत बोलले, "पण महाराज, चोरी..."

"माझ्याच पायातली वहाण मी कुणाची चोरणार, पंत?"

"हेच आबा विचारत होते!" गोजरा म्हणाली. तिने तळ शिवला, वादीला पक्की गाठ मारली आणि दोऱ्या कापून फेकून दिल्या. "चाला आता."

राजाने जपून एक पाऊल टाकलं. मग दुसरं. मग चक्क उडी मारली. "अगं, चालते की! मग आधीच अशी का नाही दिलीस?"

"आधी अशीच केली होती, महाराज. वहाणेला दोरी लागतच नाही. दोरी बांधायला मला वेगळे कष्ट पडले, आणि तेही फक्त तुम्हाला अडवायला!"

राजा आधी ओशाळला, मग इतका हसला की आपट्याच्या बुंध्याला धरून खाली बसला. हातातलं सोन्याचं कडं त्याने गोजराला दिलं, खेळ तारेवाचून चालवायचा आणि तार तोडायचा हुकूम तिथेच सोडला आणि पंतांच्या हातात कात्री ठेवली.

"खांब उंच आहे, पंत," राजा म्हणाला. "चढताना मध्येच थांबू नका हं!"