गिरकीला पाठवलेला लाडू

वेणूच्या आईचे पाय गारठले होते. नुसते गार पडले होते असं नाही हं, अगदी दगडासारखे थंडगार! आईला अंथरुणावरून उठताच येत नव्हतं. घरात दुसरं कोणी नाही. मग इवलीशी वेणूच फुलबागेत जायची, चमचमत्या फुलांचे गजरे ओवायची, दारोदार द्यायची आणि मिळेल ते पीठमीठ घेऊन घरी यायची. बोटं दुखून यायची, पण पोरगी रडूबाई नव्हती.

हे घडलं कुठे? लांब, पार लांब. मोरपिशी नावाच्या आकाशगंगेत टिकलीएवढा एक ग्रह होता आणि त्याचं नावही टिकलीच होतं. टिकलीला सूर्य नव्हता. मग उजेड कुठून यायचा? तर आभाळात मधोमध एक भलीमोठी गिरकी फिरायची. शेंदरी, पोपटी, जांभळी, सोनेरी! ताक घुसळावं तसा ती काळोख घुसळायची आणि उजेडाचं लोणी वर काढायची. ती कुठून आली, कशासाठी फिरते, कोणालाच ठाऊक नव्हतं.

हल्ली मात्र गिरकी मंदावली होती. तिचे रंग विटले होते. फुलं मिटायला लागली, माणसांचे पाय गारठायला लागले. मोठमोठ्या पगड्यांची शहाणी माणसं दुर्बिणी लावून बसली, "हे मोठं गूढ आहे बुवा!" एवढंच म्हणाली आणि घरी जेवायला गेली. घ्या! एवढं तर वेणूच्या शेळीलाही कळत होतं.

या गिरकीची एक परी होती, लुकलुकी. निळे निळे पंख, पाऊल टाकलं की चांदणचुरा सांडायचा. ती रोज एका घरी उजेडाने भरलेली वाटी आणायची. सकाळी द्यायची, दिवेलागणीला परत न्यायची. त्या उजेडापाशी एक इच्छा मागायची, की ती पुरी झालीच म्हणून समजा. पण नियम होते! इच्छा मोठ्याने सांगायची. वाटीत मावेल तेवढीच मागायची. आणि वाटी परत देताना पुन्हा काही म्हणजे काही मागायचं नाही. मागितलं, की मिळालेलंही गेलं! कोणी सोन्याचा झोपाळा मागितला, कोणी मखमली टोपी. मागोत बापडे.

त्या दिवशी पाळी होती वेणूची. ती फुलबागेत गजरा ओवत होती, तेवढ्यात लुकलुकी समोर उतरली. तिचा चेहरा एवढासा झाला होता.

"वेणू, वाटी अर्धीच आहे गं," ती हळूच म्हणाली. "गिरकी फार दमलीय. मलाच देताना कसंतरी वाटतंय."

"असू दे हो परीताई, तुम्ही कशाला वाईट वाटून घेता?" वेणूने दोन्ही हातांनी वाटी धरली आणि खणखणीत आवाजात सांगितलं, "माझ्या आईचे पाय बरे होऊ देत!"

"अर्ध्या वाटीत एकच दिवस मावतो, बाळ. दिवेलागण झाली, की पाय पुन्हा गारठतील."

"एक दिवस तर एक दिवस!" म्हणत वेणू घराकडे पळत सुटली.

उजेड पायांवर ओतला मात्र, आई टुणकन उठून उभी राहिली! तिने घर झाडलं, शेळीला पाला घातला, वेणूच्या केसांचा गुंता सोडवला. डब्याच्या तळाशी नाचणीचं पीठ होतं, गुळाचा एक खडा होता. आईने खमंग पीठ भाजलं आणि दोन लाडू वळले. वेणूने आधी आईला एक खायला लावला. आपला मात्र झाकून ठेवला. आईच्या हातचा लाडू किती दिवसांनी मिळाला होता! तो तिला सावकाश, चाटून चाटून खायचा होता.

बघता बघता अंधारून आलं. आई भिंतीला टेकली. "वेणू, मला बसव गं. बोटं गार पडायला लागली." वेणूने आईला बसवलं, पाय पांघरुणात गुंडाळले. तेवढ्यात लुकलुकी दारात आली.

वेणूने घासलेली वाटी उचलली आणि मधेच थबकली. "थांबा हं, परीताई." ती आत गेली. झाकलेल्या लाडवाकडे तिने एकदा बघितलं आणि तो वाटीत ठेवला.

"हे काय?" लुकलुकीने विचारलं.

"लाडू! शेजारणीची वाटी कोणी रिकामी परत देतं का?"

"अगं, पण गिरकी कुठे शेजारीण? केवढी मोठी ती!"

"रोज दिसते, रोज वाटी पाठवते. मग शेजारीण नाही तर कोण?"

लुकलुकीचे डोळे भरून आले. "आजवर एकानेही काही दिलं नाही गं. आभाळाला काय कमी, असंच सगळ्यांना वाटलं. उपाशीपोटी ती किती फिरणार?"

वेणूने आईच्या पायांकडे पाहिलं. ओठांवर आलेले शब्द तिने मागे ढकलले. "तिला सांगा, लाडू माझ्या आईने केलाय," ती म्हणाली.

लुकलुकी उडाली. वर, वर, अगदी गिरकीपाशी. आणि काय सांगू! सगळं आभाळ खुदकन हसलं. विटलेली गिरकी लखलखली, शेंदरी झाली, पोपटी झाली, गरगर गरगर फिरायला लागली. टिकलीभर फुलं उमलली. गावातली गारठलेली माणसं अंगणात आली, पगडीवाले दुर्बिणी टाकून धावले.

लुकलुकी परत आली, ती वाटी सांभाळत सांभाळतच. उजेड काठावरून ओसंडत होता.

"मी काही मागितलं नाही हं!" वेणू घाबरून म्हणाली.

"ठाऊक आहे. पण गिरकी म्हणाली, वाटी रिकामी कशी पाठवू?"

तिने तो सगळा उजेड आईच्या पायांवर ओतला. एका दिवसापुरता नव्हे, कायमचा! आणि त्या झगझगाटात, निळे पंख हलवत, लुकलुकी कधी दिसेनाशी झाली ते कळलंसुद्धा नाही.

दिवेलागण टळून गेली. आईने पांघरूण बाजूला केलं, एक पाय टेकला, मग दुसरा. पाय ऊब धरून होते. वेणूला इतका आनंद झाला, की रडूबाई नसलेली ती पोरगी भोकाड पसरून रडली.

"आता रडतेस होय, वेडाबाई?" आईने पदर खोचला आणि दोन्ही हात पुढे केले. "चल, फुगडी घालू!"

वर गिरकी फिरत होती आणि खाली अंगणात, वेणू आणि तिची आई.