घळीच्या तोंडावरचे दगड

"धावजीबाबा, तुम्ही गावाला खोटं का सांगितलंत?"

म्हातारा उंबराच्या मुळीवर बसून पायातला काटा काढत होता. त्यानं मान वर केली नाही.

"कोणतं खोटं?"

"डोळा लागला होता म्हणून."

"लागतो की. म्हाताऱ्या माणसाचा डोळा लागायला काय मुहूर्त बघावा लागतो?"

"त्या दिवशी लागला नव्हता."

"तू बघायला होतास इथं?"

नवसू इथं नव्हता. तो घरात बसून भाकरी खात होता, आणि तीही त्याची नव्हती.

खाली घळ पसरली होती. कोरडी नदी या डोंगरातून उतरते ती घळीतूनच. चार महिने पाणी, आठ महिने नुसते दगड. पाणी आटलं की पाड्यावरची माणसं आत शिरतात. कुणी खेकड्यांना, कुणी मधाला. दोन्ही बाजूंना काळे कडे, वर हातभर आभाळ. आत असलेल्याला डोंगरापलीकडचं काही दिसत नाही. तिकडे वळीव कोसळला तरी घळीत ऊन असतं. कळतं ते एकदम... पाणी वळणावर आल्यावर.

म्हणून घळीच्या तोंडाशी एक सपाट खडक आहे. आत जाणाऱ्यानं त्यावर एक दगड ठेवायचा. बाहेर आलं की आपला दगड उचलून फेकायचा. वर माथ्यावर, उंबराखाली, राखणदार बसतो. त्याला खालचा खडकही दिसतो आणि उगवतीचे डोंगरही. तिकडे आभाळ काळवंडलं आणि खडकावर दगड असला, की तो पत्र्याचा डबा बडवतो. खडक मोकळा असेल तर डब्याला हात लावायचा नाही. कारण डबा वाजला की हातातलं काम टाकून पाडा दोर घेऊन धावत सुटतो.

धावजीबाबा तीस वर्षं इथं बसत होता. घराघरातून पाळीनं त्याला भाकरी यायची. घळीत कसं चालावं, पोळ्याखाली धूर कसा धरावा, हे पाड्यावरची पोरं त्याच्याकडूनच शिकली. सहावीतून शाळा सोडलेला नवसू चार वर्षं त्याच्या मागे होता. त्याचा थोरला भाऊ बुधा त्याच्याही आधीपासून.

बुधाला जाऊन आज सोळा दिवस झाले.

"बाबा, खडकावर दगड नव्हते," नवसू म्हणाला. "म्हणून तुम्ही डबा वाजवला नाही. दगड मी उचलले होते."

"किती?"

"दोन."

"एक तर तुझाच होता."

"आणि दुसरा?"

म्हाताऱ्यानं काटा चिमटीत धरून उन्हात पाहिला. मग टाकून दिला.

"गावकीनं तुमच्याकडून डबा काढून घेतला," नवसूचा आवाज चढला. "भाकरीची पाळी आमच्यावर आली त्या दिवशी आईनं चूल पेटवली नाही. डोळे मिटून बसणाऱ्याला मी जेवू घालत नाही, म्हणाली. रोज तुमच्या नावानं बोटं मोडते. मी समोर बसून ऐकतो. तुम्ही मला गुरासारखं मारलं असतंत तर बरं झालं असतं."

"गुरांना मी कधी मारलं नाही," धावजीबाबा म्हणाला. "तुला विचारायचंय ते विचार. सोळा दिवस घशात काहीतरी धरून हिंडतो आहेस."

नवसू खाली बसला. मातीत बोटं घातली.

"त्या दिवशी आम्ही भांडलो. चौथ्या कुंडाशी. मध काढताना मी दोर धरला होता. दादा म्हणाला, नीट धर, म्हशीचं शेपूट नाही ते. मी म्हणालो, मग तूच धर. दोर टाकला आणि निघालो. तो मागून ओरडला, रुसूबाई, माझ्या वाटची भाकरी खाऊ नकोस..."

"मग?"

"मी मागं वळलो नाही. खडकापाशी आलो. दोन्ही दगड उचलले आणि फेकले. घरी जाऊन त्याच्या वाटची भाकरी खाल्ली. मुद्दाम. खाताना पाण्याचा आवाज आला. मला वाटलं, डबा वाजला नाही, म्हणजे दादा बाहेर पडला..."

त्यानं बोटांची माती झटकली.

"रोज आम्ही दोघं बरोबर बाहेर यायचो. मी पुढं असायचो. त्याच्या पाठीवर मधाचा डबा असायचा, वाकता यायचं नाही. म्हणून दोन्ही दगड मीच उचलायचो. सवय होती, बाबा. पण त्या दिवशी रागही होता. दुसरा दगड मी सवयीनं उचलला की रागानं, तेवढं मला सांगा. मला आठवत नाही. रात्रंदिवस आठवून बघतो. तुम्ही वरून बघत होता. तुम्हाला दिसलं असेल."

धावजीबाबा उठला. काठी घेतली. उगवतीच्या डोंगरांकडे पाहिलं. आभाळ धुऊन ठेवल्यासारखं स्वच्छ होतं.

"चल."

"कुठं?"

"आत."

नवसू बसूनच राहिला. त्या दिवसानंतर तो घळीकडे फिरकला नव्हता. बुधा सापडला तोही घळीत नाही. तिसऱ्या दिवशी, खाली दरी उघडते तिथं, भाताच्या खाचरात.

पण म्हातारा पायवाट उतरायला लागला होता. त्याला एकट्याला कसं सोडणार?

खडकाशी आल्यावर धावजीबाबानं एक दगड उचलून ठेवला. नवसूनंही ठेवला. दोघे आत शिरले.

तोंडाशी घळ बैलगाडी जाईल एवढी रुंद आहे. शंभर पावलांवर ती दोन्ही हातांत मावते. ऊन मागं राहिलं. कड्यांतून गारवा यायला लागला. पुरानं सगळं बदलून टाकलं होतं. जिथं दगड होते तिथं नवी वाळू होती, जिथं वाळू होती तिथं कुंड. तीन पुरुष उंचीवर, कड्याच्या भेगेत, आंब्याची अख्खी फांदी अडकली होती. पानं वाळून तपकिरी झाली होती.

नवसू तिच्याकडे बघत राहिला. पाणी तिथवर होतं.

"खाली बघून चाल," म्हातारा म्हणाला. "वर बघणारा इथं दात पाडून घेतो."

पहिलं कुंड गेलं, दुसरं गेलं. तिसऱ्याला कमरेएवढं पाणी होतं. म्हाताऱ्यानं धोतर खोचलं आणि नवसूच्या खांद्यावर हात टाकला. तो हात पाखरासारखा हलका होता. पाळी चुकवणारं आपलं एकच घर नसावं, हे नवसूच्या तेव्हा ध्यानात आलं.

चौथ्या कुंडाशी दोघे थांबले. कड्यावर पोळ्याचा मेणचट डाग होता. त्याखालची भिंत पाण्यानं घासून लख्ख केली होती. बुधा उभा होता ती जागा कुठली, हे नवसूला ओळखताच येईना. तेवढंही नदीनं ठेवलं नव्हतं.

त्यानं हाक मारण्यासाठी तोंड उघडलं.

मारली नाही.

धावजीबाबा एका दगडावर बसला. कुठंतरी पाणी ठिबकत होतं. एक खेकडा बाहेर आला, दोघांना बघून परत गेला.

"गुडघे धरले," शेवटी म्हातारा म्हणाला. "तू हो पुढं. मी येतो मागून."

"थांबतो की मी."

"माझ्या कण्हण्याला तुझी सोबत कशाला? हो पुढं."

नवसू निघाला. डोळ्यांत पाणी होतं, पाय आपोआप जागा शोधत होते. तीन कुंडं कधी मागं पडली ते त्याला कळलं नाही. बाहेरचं ऊन डोळ्यांवर आलं तेव्हा त्यानं हातानं आडोसा केला. खडकापाशी वाकला, सरळ झाला आणि पायवाटेला लागला.

मागं करवंदीच्या जाळीत आवाज झाला.

खट्... खट्.

दहा पावलं गेल्यावर त्याचं त्या आवाजाकडे लक्ष गेलं. दोन दगडांचा आवाज होता तो.

तो वळला. खडक मोकळा होता.

मग तो धावला. आभाळात ढगाचा ठिपका नव्हता, तरी धावला. वाळूत पडला, उठला, तिसऱ्या कुंडात चपलेसकट शिरला. चौथ्या कुंडाशी म्हातारा होता तिथंच बसलेला. गुडघ्यांवर हात, डोळे उघडे.

"बाबा..." नवसूला धाप आवरेना. "मी... तुमचाही..."

"उचललास."

"तुम्हाला ठाऊक होतं?"

"चार वर्षं बघतोय."

नवसू त्याच्या पायाशी वाळूत कोसळला. रडू आलं ते बांध फुटल्यासारखं. रडता रडता म्हणाला, "म्हणजे रागानं नव्हतं, बाबा. आज मला कुणाचा राग नव्हता. आज सवयीनंच उचलला. म्हणजे त्या दिवशीही..."

"आज राग नव्हता, तरी उचललास," धावजीबाबा म्हणाला. "त्या दिवशी राग होता, तरी उचललास. हाताला दोन्ही दिवस सारखेच. त्याला किती वेळा विचारशील?"

नवसूनं डोळे पुसले. हातात सापडलं असं वाटलेलं काहीतरी पुन्हा निसटलं होतं.

"मग मला कधीच कळायचं नाही?"

"नाही."

पाणी ठिबकत राहिलं.

"मग तुम्ही खोटं तरी का सांगितलंत? माझ्यासाठी?"

"तुझ्यासाठी?" म्हातारा हसल्यासारखा झाला, पण हसला नाही. "एवढा मोठा नाहीस तू. चार वर्षं मी वरून बघत होतो. धाकटा वाकतो, दोघांचे दगड उचलतो. मागून थोरला येतो, कधी दहा पावलांनी, कधी पन्नास. आपला दगड आपणच उचलायचा, हा नियम मीच तुम्हाला शिकवलेला. खाली उतरून कान पिळायचं काम होतं माझं. नाही पिळला."

"का?"

"बघायला गोड वाटायचं."

नवसू त्याच्याकडे बघत राहिला. म्हाताऱ्याचा चेहरा कड्यासारखाच होता, काही वाचता न येणारा.

"त्या दिवशी मी जागा होतो," धावजीबाबा म्हणाला. "उगवतीकडे काळं झालेलं बघितलं. खडकाकडे बघितलं. मोकळा. तरी हात डब्याकडे गेला. म्हटलं, धाकटा एकटाच गेलेला दिसला, थोरला कुठं आहे? मग म्हटलं, असेल मागून. नेहमीच असतो..."

त्यानं काठी उचलली. "डोळा लागला म्हणालो, ते काही अगदीच खोटं नाही."

दोघे उठले. या वेळी नवसू मागून चालला, म्हातारा पुढं. मोकळ्या खडकापाशी म्हातारा थांबला, दम घेतला. खाली पाड्यावर एका घरातून धूर निघत होता. नवसूचं घर त्याच्या शेजारचं. त्यातून धूर निघत नव्हता.

"बाबा, आईला सांगू?"

धावजीबाबानं त्याच्याकडे पाहिलं.

"सांगितलं तर ती मला घरात ठेवायची नाही," नवसू म्हणाला. "नाही सांगितलं तर मला तिथं बसवणार नाही. काय करू?"

म्हाताऱ्यानं काठीनं त्या घराकडे दाखवलं.

"सांग," तो म्हणाला. "पण सांगून झाल्यावर उठून जाऊ नकोस."