राजा पडला, धप्प!

एका राज्यात भद्रायू नावाचा राजा होता. शूर होता, दानी होता, आणि देखणा तर इतका की त्याची स्वतःवरूनच नजर हलत नसे. कुवलया नावाची त्याची राणी. दोघांचं मेतकूट छान जमलं होतं. दुःख एकच. राजवाड्याच्या दारावर एक बोलकी मैना बसे आणि येईल त्या पाहुण्याला सांगे, "राजा पडला, धप्प! राणी हसली, खुदकन!"

खोटं नव्हतं ते. तीन वर्षांमागे कुवलयेच्या स्वयंवराला राजा घोड्यावरून ऐटीत आला आणि भर मंडपात शेणकाल्याच्या घंगाळात पडला. सोबत उडत आलेल्या मैनेनं ते पाहिलं. सगळे राजे गप्प. राजकन्या तेवढी हसली, आणि हसता हसता तिनं माळ त्याच्याच गळ्यात घातली. गोड गोष्ट आहे की नाही? पण राजाला ती सलायची, म्हणून पडण्याची तो खोटीच कारणं सांगे. एकदा परमुलखाचा सम्राट ती ऐकून पोट धरधरून हसला, तेव्हा राजाचं डोकंच फिरलं. तडक गेला तो धुंडीभट मांत्रिकाकडे.

"झालेलं न झालेलं करता येतं?"

"येतं की," धुंडीभट म्हणाला. "घडलेली गोष्ट म्हणजे चूल, राजा. तीन आठवणींच्या दगडांवर ती उभी असते. जो पडला त्याची, ज्यानं पाहिलं त्याची, जो हसला त्याची. दोन दगड काढले की चूल ढासळते. पण वर जे शिजत असेल ना, ते—"

"काढ!"

"अरे, पण वर जे शिजत—"

"काढ म्हणतो ना!"

धुंडीभटानं चुटकी वाजवली. मैनेच्या आणि राणीच्या डोक्यातून दोन आठवणी उडाल्या आणि गार काळे दगड होऊन त्याच्या ओंजळीत पडल्या.

राजा शीळ घालत घरी आला. मैना गप्प. वा रे वा! आत जाऊन त्यानं हाक मारली, "अहो राणीसाहेब!"

दासी गोंधळली. "कोण राणीसाहेब, महाराज? आपलं लग्न कुठं झालंय?"

आता बघा. राजा पडलाच नाही, म्हणून राजकन्या हसली नाही. हसली नाही, म्हणून तिनं कुणालाच माळ घातली नाही. महालात तिचा झोपाळा नव्हता, तिची पैंजणं नव्हती. राजाच्या पायांखालची जमीन सरकली. पळत सुटला तो पुन्हा धुंडीभटाकडे.

"दूध विरजलंय, पण दही अजून लागलं नाही," मांत्रिक म्हणाला. "आज सांजेला तिचं पुन्हा स्वयंवर आहे. तिनं दुसऱ्याला माळ घातली की हाच काळ खरा ठरेल."

राजा रडला. अगदी हमसून रडला. "माझी कुवलया मला परत हवी!"

धुंडीभटाला दया आली. दोन दगडांसोबत त्यानं तिसरा दिला. "हा तुझा. आठवण तुझ्यापाशी शाबूत आहे, पण गोष्ट रंगवून सांगून सांगून तूच हा गार केलास. आता ती तीनदा खरी सांग. स्वतःला, मैनेला आणि तिला. खरं बोललास की दगड ऊन होईल."

राजानं आपला दगड उराशी धरला. "वाघ आला आणि घोडा बुजला." दगड गार. "बरं, वाघ नव्हता, कोल्हा होता." गारच. राजानं मान खाली घातली. "घोडा बिचारा शहाणा होता. मीच ढालीत माझ्या मिशा बघत होतो." दगड ऊन झाला.

मग तो मैनेकडे गेला आणि तेच सांगू लागला. तिनं मान वाकडी केली. "डोळ्यांनी पाहिल्यावाचून मी मानत नाही. दाखव!"

काय करता? मैनेदेखत भर बाजारात राजानं शेणाच्या ढिगाऱ्यात अंग टाकलं. धप्प! लोक धावत जमले. मैना खूश. दुसरा दगडही ऊन झाला.

आंघोळीला वेळ कुठला? तसाच माखलेला राजा घोडा दौडवत स्वयंवराच्या मंडपात शिरला. कुवलयेची माळ दुसऱ्या राजाच्या गळ्यापाशी पोहोचली होती.

"थांबा, राजकन्ये!"

"कोण आपण? आणि हा काय अवतार?"

राजानं उरलेला दगड तिच्या हाती दिला आणि सारं सांगितलं. मिशा, ढाल, घंगाळ, काही लपवलं नाही. कुवलयेनं दगड चाचपला. "कोमट आहे. काहीतरी राहिलंय, महाराज."

राजा एक पाऊल पुढं आला. "राहिलंय खरं. आपण हसलात, तेव्हा मला राग आला नव्हता. ते हसणं मला इतकं आवडलं की त्यापुढं पडल्याचं काहीच वाटलं नाही. लाजेपायी मी हे कधी बोललो नाही."

बोलता बोलता मिशीवरचा शेणाचा गोळा टपकन पडला. आणि कुवलया हसली, खुदकन! दगड चटका बसेल इतका तापला. तिन्ही दगड जागेवर बसले, मंडप विरला, आणि राजा पाहतो तो आपल्याच महालात उभा. समोर झोपाळ्यावर राणी.

तिच्या तळव्याला ऊब अजून होती. "तीन वर्षांत हे एकदाही बोलला नव्हतात," ती म्हणाली.

"आता रोज बोलेन."

"बोला. पण आधी आंघोळ करून या."

पुढं परमुलखाचा सम्राट पुन्हा आला. मैना म्हणाली, "राजा पडला, धप्प!" तेव्हा राजाच पुढं होऊन म्हणाला, "घोड्याचा काही दोष नव्हता हं!"

त्यांची चूल पेटली, घर हसलं. तशीच ऐकणाऱ्यांची पेटती राहो, सांगणाऱ्याच्या वाट्याला भाकरी येवो.